येवल्याची अंबू



टीव्हीवरच्या 'रामायण' मालिकेतली मंथरा तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिली असेल. लॉकडाऊनच्या वेळी, २०२० साली, दूरदर्शनने ती मालिका पुन्हा दाखवली, तेव्हा तुम्ही अगदी लहान होता. पण घरातल्या मोठ्यांना विचारा, सगळ्यांना ती आठवते. पाठीला पोक, बारीक झालेला एक डोळा, आणि कैकेयीच्या कानाला लागलेलं तोंड. बघताना अंगावर काटा येतो. या मंथरेचं काम करणाऱ्या बाई कोण, कुठल्या, हे मी मागे सहावी-सातवीच्या वर्गात विचारलं होतं. कुणी मुंबई म्हणालं, कुणी अयोध्या म्हणालं! म्हणून यंदाच्या भित्तिपत्रिकेत त्यांच्याविषयी लिहायचं ठरवलं.

त्या आपल्याच नाशिक जिल्ह्यातल्या. येवल्याच्या. मनमाडहून शिर्डीकडं जाताना वाटेत येवला लागतं. पैठण्यांचं गाव. सेनापती तात्या टोपे यांचा जन्म याच गावचा, आणि १९३५ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा केली ती येवल्यालाच, हे तुम्ही शिकलेला आहात. त्याच येवल्यात १८ एप्रिल १९१६ रोजी लक्ष्मणराव शगुन नावाच्या व्यापाऱ्याच्या घरी एक मुलगी झाली. रेशमी आणि सुती कापडाचा त्यांचा व्यापार होता. मुलीचं नाव अंबा. घरात सगळे म्हणायचे अंबू. हीच पुढची ललिता पवार.

आता अंबूची गोष्ट सांगण्याआधी, त्या काळी सिनेमा म्हणजे काय होतं ते थोडं सांगितलं पाहिजे. नाहीतर तुम्हांला वाटेल, मुलगी हुशार होती, गेली आणि नटी झाली, त्यात काय मोठंसं!

आपल्या देशातला पहिला संपूर्ण लांबीचा चित्रपट काढला तो दादासाहेब फाळके यांनी. तेही आपल्याच जिल्ह्यातले, त्र्यंबकेश्वरचे. (बघा, सिनेमाच्या बाबतीत आपला जिल्हा सगळ्या देशाच्या पुढं होता.) चित्रपटाचं नाव 'राजा हरिश्चंद्र', साल १९१३. त्यात तारामती राणीचं काम करायला एकही बाई मिळेना. नाटकात-सिनेमात काम करणाऱ्या बाईकडं लोक वाईट नजरेनं बघत. पैसे देऊ केले तरी कुणी तयार होईना. शेवटी एका खाणावळीत स्वयंपाकाचं काम करणारा अण्णा साळुंके नावाचा नाजूक हातांचा तरुण फाळक्यांना सापडला आणि तारामती झाली! या साळुंक्यांनी पुढं १९१७ च्या 'लंकादहन' मध्ये राम आणि सीता ही दोन्ही कामं एकट्यानं केली. राम तोच आणि सीताही तीच. प्रेक्षक तरी काय करतील, हात जोडून बसत.

बाईचं काम बाईनं करायला सुरुवात झाली ती फाळक्यांच्या पुढच्याच चित्रपटात, 'मोहिनी भस्मासुर' मध्ये. त्यात दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई अशा मायलेकींनी काम केलं. कमलाबाई पुढं गोखले झाल्या. नंतर १९१९ साली 'कालिया मर्दन' मध्ये फाळक्यांनी आपल्या स्वतःच्या लेकीला, छोट्या मंदाकिनीला, बाळकृष्ण केलं. म्हणजे घरची मुलगी पुढं केल्याशिवाय दुसऱ्याची मुलगी मिळत नव्हती, असा तो काळ.

आणि हे सगळे चित्रपट मुके! त्यांना मूकपट म्हणत. पडद्यावर माणसं तोंड हलवायची पण आवाज नाही. मधून मधून पडद्यावर लिहिलेल्या पाट्या यायच्या, एकाच पाटीवर दोन-तीन भाषांत. ज्याला वाचता येई तो शेजाऱ्यांना मोठ्यानं वाचून दाखवी. पडद्याजवळ पेटी-तबलावाले बसलेले असत. मारामारी आली की तबला जोरात, रडण्याचा प्रसंग आला की पेटी हळू. कॅमेरा हातानं दांडा फिरवून चालवायचा, आणि उजेड म्हणजे बहुतेक सूर्याचाच. ढग आला की शूटिंग बंद, सगळे आकाशाकडं बघत बसलेले.

अशा त्या काळात येवल्याची अंबू पुण्यात नानासाहेब सरपोतदार यांच्या आर्यन फिल्म कंपनीत पोचली. वय दहा-बारा वर्षांचं, म्हणजे तुमच्यातल्या पाचवी-सहावीच्या मुलींएवढं. तिचं काम असलेला 'राजा हरिश्चंद्र' १९२८ साली आला. हा फाळक्यांचा नव्हे, त्याच गोष्टीवरचा पुढचा. मुलींनी शाळेत जायची तेव्हा पद्धत नव्हती. खात्यापित्या घरची मुलगीसुद्धा चार अक्षरं शिकली तर घरातच. त्यामुळं कंपनी हीच अंबूची शाळा झाली. घोड्यावर बसायचं, पळायचं, रडायचं, हसायचं, आणि हे सगळं एक शब्दही न बोलता लोकांना कळेल असं करायचं. मला विचाराल तर ललिताबाईंच्या पुढच्या सगळ्या कामाचं मूळ इथं आहे. नुसत्या भिवईनं, मानेच्या झटक्यानं त्या जे सांगत, ते बाकीच्यांना चार वाक्यांत जमत नसे. पाटी येईपर्यंत प्रेक्षकाला चेहऱ्यावरूनच समजलं पाहिजे, ही मूकपटाची शिस्त लहानपणी अंगी लागली ती कायमची.

या काळातले अंबूचे दोन मूकपट आजही जिवंत आहेत, 'दिलेर जिगर' आणि 'गुलामीनुं पतन', दोन्ही १९३१ चे. जिवंत आहेत असं मी मुद्दाम म्हटलं. भारतात बाराशे-तेराशे मूकपट निघाले, आणि त्यांतले पुरे-अर्धे धरून तीसेक उरले असतील. बाकीचे जळाले, सडले किंवा फिल्ममधली चांदी काढून घेण्यासाठी विकले गेले. तेव्हाची फिल्म ज्या पदार्थाची असे तो चटकन पेट घेई. एका पेटीला आग लागली की सगळी खोली खाक. त्यामुळं हे दोन वाचले ही मोठी गोष्ट. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात, जे १९६४ साली सुरू झालं, ते जपून ठेवले आहेत.

'दिलेर जिगर' हा पुण्याच्या अगरवाल कंपनीचा, दिग्दर्शक गणपतराव पवार, म्हणजे जी. पी. पवार. गोष्ट म्हणाल तर राजा, त्याचा दुष्ट भाऊ, लहानपणीच वाचवून दूर नेलेला राजपुत्र, अशी. पण त्यातली नायिका सारंगा काय करते? डोंबाऱ्यासारखे कसरतीचे खेळ करते, आणि वेळ येताच तोंडावर मुखवटा चढवून तलवार घेऊन लढते! ही सारंगा म्हणजे पंधरा वर्षांची अंबू. मुलींनो, टीव्हीवर मंथरा बघताना हे डोळ्यांपुढं आणून बघा. तुमच्या आजीच्या आईच्या काळातली, आपल्या जिल्ह्यातली मुलगी, हातात तलवार घेऊन पडद्यावर उड्या मारत होती.

या गणपतराव पवारांशीच पुढं तिचं लग्न झालं, आणि अंबू शगुनची ललिता पवार झाली. 'कैलास' नावाच्या १९३२ च्या मूकपटात तिनं नुसतं काम केलं नाही, तर तो काढण्यात भागीदारीही केली. सोळा वर्षांच्या मुलीनं! आणि १९३८ साली 'दुनिया क्या है' हा बोलपट काढला. तो टॉलस्टॉय या थोर रशियन लेखकाच्या कादंबरीवर होता. घरी शिकलेली येवल्याची मुलगी टॉलस्टॉयच्या गोष्टीवर चित्रपट काढते, याचं मला फार कौतुक वाटतं. लोक तिच्या डोळ्याबद्दल बोलतात, मंथरेबद्दल बोलतात, याबद्दल कुणी बोलत नाही.

आता बोलपट म्हटलं, तर तेही सांगायला हवं. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक थिएटरात 'आलम आरा' लागला आणि सिनेमा बोलू लागला. अर्देशीर इराणी यांनी तो काढला. स्टुडिओजवळून रेल्वे जायची, तिचा आवाज माइकात येई, म्हणून पुष्कळसं शूटिंग रात्री करावं लागलं. सिनेमा बोलू लागला आणि मूकपटातल्या कित्येक नट-नट्यांची मात्र बोलती बंद झाली. कुणाला हिंदी येत नव्हतं, कुणाला गाता येत नव्हतं. पार्श्वगायन म्हणजे एकानं गायचं आणि दुसऱ्यानं तोंड हलवायचं, ही युक्ती अजून रुळली नव्हती. ज्याचं तोंड त्याचाच गळा. सुलोचना म्हणून ओळखल्या जाणाऱ्या रूबी मायर्स या मूकपटाच्या सगळ्यांत मोठ्या नटी, पण त्यांनासुद्धा काही दिवस काम थांबवून हिंदी शिकावं लागलं. ललिता मात्र या परीक्षेत पहिल्या झटक्यात पास झाली. तिला बोलता येत होतं आणि गाताही येत होतं. १९३५ च्या 'हिम्मत-ए-मर्दां' मध्ये ती गायली आणि तिचं गाणं लोकांच्या तोंडी बसलं.

पुढची पाच-सात वर्षं चांगली गेली. मराठीत भालजी पेंढारकरांचा 'नेताजी पालकर' (१९३९), मास्टर विनायकांचा 'अमृत' (१९४१). या 'अमृत'ची कथा वि. स. खांडेकरांची. मुंबईच्या स्टंटपटांतही त्या नायिका होत्याच. वय पंचवीस. आणखी दहा वर्षं तरी नायिकेची कामं मिळत राहणार, असं कुणीही म्हटलं असतं.

आणि १९४२ साली ते घडलं.

'जंग-ए-आझादी' नावाच्या चित्रपटाचं शूटिंग चाललं होतं. एका प्रसंगात नायिकेच्या थोबाडीत मारायची होती. मारणारे नट होते मास्टर भगवान, जे पुढं 'अलबेला' चित्रपटामुळं फार नावाजले. शूटिंगमध्ये थोबाडीत मारतात ती खोटी असते, हात गालाजवळून नुसता जातो. त्या दिवशी अंदाज चुकला आणि हात पुऱ्या जोरानं बसला. मारणाऱ्याच्या मनात काही नव्हतं. पण डाव्या डोळ्यातली शीर फुटली आणि चेहऱ्याला लकवा मारला.

आपल्याकडं मुलं खेळता खेळता एकमेकांच्या कानाखाली काढतात आणि वर सांगतात, गुरुजी, गमतीत मारलं. त्यांनी हा परिच्छेद दोनदा वाचावा. आणि आम्हा मास्तर मंडळींनीही वाचावा. आता कायद्यानंच मुलांना मारायला बंदी आहे, पण आमच्या लहानपणी शाळेत कान सुजल्याशिवाय पाढे पाठ होत नाहीत अशीच समजूत होती.

औषधपाणी तीन वर्षं चाललं. लकवा हळूहळू ओसरला, पण डावा डोळा पूर्वीसारखा झाला नाही. तो बारीक झाला तो झालाच. विचार करा. सुताराचा हात गेला, गवयाचा गळा गेला, तसं नटीच्या चेहऱ्याचं. आणि नायिका म्हणजे सुंदर चेहरा, हा तर सिनेमाचा पहिला नियम. तिथला धंदा निर्दय असतो. नायिकेची कामं कायमची गेली. त्या वेळी ललिताबाई सव्वीस वर्षांच्या होत्या.

एखादी घरी बसली असती. बसली असती तरी कुणी नावं ठेवली नसती. पण त्या काळात, १९४४ साली, प्रभातच्या 'रामशास्त्री' मध्ये आपल्याला त्या दिसतात. इतिहासातला 'ध' चा 'मा' तुम्ही ऐकला आहे ना? नारायणराव पेशव्याला धरावे असा हुकूम होता तो मारावे असा केला, तो आळ जिच्यावर आहे ती आनंदीबाई. ती त्यांनी केली. न्यायाधीश रामशास्त्री झाले होते गजानन जहागीरदार. ही भूमिका नायिकेची नव्हे, पण बघणाऱ्याच्या मनातून जात नाही. मग १९४८ च्या 'गृहस्थी' पासून त्या अशा वेगळ्या भूमिकांकडं पुरत्या वळल्या. नायिकेच्या भोवती नाचणारे पुष्कळ असतात, पण सासू, आई, आत्या, घरमालकीण यांच्याशिवाय गोष्टच पुढं सरकत नाही. तिथं ललिताबाई जाऊन बसल्या आणि चाळीस वर्षं त्यांना तिथून कुणी हलवू शकलं नाही.

१९५० साली व्ही. शांताराम यांचा 'दहेज' आला. दहेज म्हणजे हुंडा. सुनेला हुंड्यासाठी छळणारी सासू ललिताबाईंनी अशी केली की तेव्हापासून दुष्ट सासू म्हटलं की देशभर त्यांचाच चेहरा लोकांपुढं येऊ लागला. हुंडाबंदीचा कायदा १९६१ सालचा, म्हणजे चित्रपट त्याच्या अकरा वर्षं आधीचा. कायदा होऊन साठ वर्षं उलटली तरी आपल्या आसपास काय चालतं, ते लग्नाच्या याद्या करताना कान उघडे ठेवले तर तुम्हांलाही कळेल. मी जास्त लिहीत नाही.

बिमल रॉय यांच्या 'सुजाता' (१९५९) मध्येही त्या होत्या. एका चांगल्या घरात वाढलेली अस्पृश्य जातीतली मुलगी, आणि तिची सावलीही नको म्हणणारी घरातली म्हातारी. ती म्हातारी ललिताबाई. राग येतो त्या म्हातारीचा, आणि तो यावा म्हणूनच तर त्यांनी ती तशी केली.

इथं माझ्या मनातलं एक सांगतो. त्यांचा डोळा बारीक झाला म्हणून सिनेमावाल्यांनी त्यांना वाईट बायकांची कामं दिली. डोळा अधू, पाय अधू, पाठीला पोक, म्हणजे माणूस कपटी, असं सिनेमात दाखवतात. हे कुणी ठरवलं? अपघातात डोळा गेला तर मनाचा काय संबंध? पण पडद्यावर बघून बघून ती समजूत आपल्यात शिरते. मागे आपल्याच गावात, पाठीत वाकलेल्या एका आजीबाईंना काही पोरं मंथरा म्हणून चिडवताना मी ऐकली. त्या पोरांना मी मारलं नाही, रागावलोही नाही, त्यांच्याकडून आजीबाईंचं पाणी आठ दिवस भरून घेतलं. आजीबाईंनी त्यांना रोज शेंगदाण्याचा लाडू दिला हा भाग वेगळा!

आणि ललिताबाई नुसत्या खाष्ट नव्हत्याच मुळी. राज कपूर यांच्या 'श्री ४२०' (१९५५) मध्ये त्या मुंबईच्या फूटपाथवर केळी विकणारी गंगामाई झाल्या आहेत. गावाकडून पोटासाठी मुंबईला आलेल्या पोराला जीव लावणारी, वरून तोंडाळ आणि आतून मऊ. आपल्या बाजारात भाजी विकायला बसतात तशीच हुबेहूब मावशी. नऊवारी कशी खोचायची, टोपलीशी कसं बसायचं, गिऱ्हाइकावर कसं खेकसायचं, हे कुणी शिकवायला लागलं असेल असं वाटत नाही.

त्यांचं मला सर्वांत आवडतं काम मात्र १९५९ च्या 'अनाडी' मधलं. दिग्दर्शक हृषिकेश मुखर्जी. ललिताबाई त्यात मिसेस डिसा नावाच्या ख्रिस्ती घरमालकीण आहेत. त्यांच्या घरात एक भोळा, प्रामाणिक, बेकार चित्रकार राहतो. त्याचं भाडं थकलेलं. त्याला त्या दिवसभर बोलतात, रागावतात, आणि त्याच्या जेवणाची काळजीही त्याच करतात. पुढं भेसळीच्या वाईट औषधानं त्यांचा मृत्यू होतो आणि आळ येतो त्या भोळ्या पोरावर. बाकीचं सांगत नाही, बघाल तेव्हा बघा. या कामासाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर पारितोषिक मिळालं. ज्या डोळ्यामुळं नायिकेची कामं गेली, त्याच डोळ्यात 'अनाडी' मध्ये इतकी माया दिसते की तो बारीक आहे हे आपण विसरून जातो.

१९६१ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही त्यांना मिळाला. मोठमोठ्या गवयांना आणि नर्तकांना मिळणारा तो मान. त्याच वर्षीच्या 'जंगली' मध्ये त्या घरात कुणालाही हसू न देणारी कडक आई आहेत, तर १९६२ च्या 'प्रोफेसर' मध्ये लोकांना पोट धरून हसवलं आहे. १९७१ च्या 'आनंद' मध्ये दवाखान्यातल्या मेट्रन झाल्या. मराठीत 'अमर भूपाळी' (१९५१) आहे. सगळी नावं लिहायची म्हटली तर ही भिंत पुरणार नाही. सगळे मिळून चित्रपट सातशेच्या घरात भरतात असं म्हणतात. मुलांनो, तुमच्या शाळेच्या हजेरीपटावर जितकी नावं आहेत त्याच्या कितीतरी पट!

घरचं थोडं सांगायचं तर गणपतराव पवारांशी त्यांचा संसार पुढं टिकला नाही. नंतर चित्रपट काढणारे राजप्रकाश गुप्ता यांच्याशी त्यांचं लग्न झालं, एक मुलगा झाला. पडद्यावरचं नाव मात्र ललिता पवार हेच राहिलं.

आणि मग 'रामायण'. रामानंद सागर यांची ही मालिका २५ जानेवारी १९८७ रोजी दूरदर्शनवर सुरू झाली आणि १९८८ च्या जुलैपर्यंत दर रविवारी सकाळी चालली. तेव्हा आमच्या गावात दोनच टीव्ही होते. रविवारी सकाळी ज्याच्या घरी टीव्ही त्याच्या ओट्यावर सगळं गाव. बायका अंघोळ करून, काही जणी तर हळद-कुंकू घेऊन यायच्या. चित्र मुंग्यांसारखं हलायचं, एक पोरगा कौलांवर चढून अँटेना फिरवायचा आणि खालून सगळे ओरडायचे. राम दिसला की हात जोडले जायचे, आणि मंथरा दिसली की बायका बोटं मोडायच्या. त्या घरची म्हातारी तर टीव्हीसमोर उभी राहून मंथरेला शिव्या द्यायची. ललिताबाईंना त्याआधी, १९६१ च्या 'संपूर्ण रामायण' चित्रपटातही लोकांनी मंथरा म्हणून पाहिलं होतं. पण टीव्हीमुळं ती घराघरांत शिरली. तेव्हा त्यांचं वय सत्तरीच्या पुढं होतं. ज्या वयात माणसं ओट्यावर बसून काठी शोधतात, त्या वयात या बाई पाठीला पोक काढून, तासन्‌तास वाकून काम करत होत्या. पोक खोटं होतं, पण वाकणं खरं होतं ना!

गंमत अशी की त्या ओट्यावर शिव्या देणाऱ्या आमच्यापैकी एकालाही ठाऊक नव्हतं, ही बाई आपल्या जिल्ह्यातली, इथून एसटीनं जाण्यासारख्या गावची. मलाही ते पुष्कळ वर्षांनी एका वर्तमानपत्रात वाचून कळलं.

शेवटच्या काळात त्या पुण्यात औंधला राहत. कर्करोगानं त्यांना गाठलं होतं. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या गेल्या. वय ८१. त्या वेळी घरी जवळचं कुणीही नव्हतं. यजमान दवाखान्यात होते, मुलगा मुंबईला. फोन उचलला जाईना तेव्हा घरच्यांना कळलं. पडद्यावर ज्यांच्याभोवती सत्तर वर्षं माणसांची गर्दी होती, त्या बाई अशा एकट्या गेल्या. हे लिहावं की लिहू नये असं मला वाटत होतं, कारण तुम्ही लहान आहात. पण तुम्ही मोठ्या माणसांच्या मानाने या गोष्टी जास्त नीट समजून घेता असा माझा अनुभव आहे.

ज्या पुण्यात दहा-बारा वर्षांची अंबू कंपनीत कामाला आली, त्याच पुण्यात त्या गेल्या, आणि त्याच पुण्यात संग्रहालयात 'दिलेर जिगर' ची फिल्म आहे. तीत ती मुखवटा घातलेली सारंगा अजून पंधरा वर्षांचीच आहे. तिचा एकही डोळा अजून बारीक झालेला नाही.

आपल्या शाळेला मिळालेल्या टीव्हीवर येत्या शनिवारी, सकाळची शाळा सुटल्यावर, 'अनाडी' दाखवणार आहोत. ज्यांना थांबायचं आहे त्यांनी आपल्या वर्गनायकाकडं नावं द्यावीत आणि घरी सांगून यावं. आई, आजी आल्या तरी चालेल. आजींना पुढच्या ओळीत बसवायचं आहे, म्हणून सातवीच्या मुलांनी सतरंज्या आधीच झटकून ठेवाव्यात.